खपली गहू मागवला, गिरणीवाला म्हणतो हे दळणाचं नाही

पोळपाटवाली (ठाणे)

नमस्कार मंडळी. प्रश्न अर्धा स्वयंपाकाचा, अर्धा इतिहासाचा आहे, म्हणून पाककृतींच्या धाग्यावर न टाकता इथे टाकतेय.

दुकानात खपली गव्हाची पाकिटं बघून बघून शेवटी ओळखीतून ओळख काढली आणि सांगलीकडच्या एका शेतकऱ्याकडून थेट दहा किलो मागवला. पोतं उघडलं तर आत गहूच दिसेना. भातासारखं काहीतरी, सालासकट, फिकट पिवळं, टोकाला कुसळांचे तुकडे. म्हटलं असेल असाच, आणि डबा घेऊन गिरणीत गेले. गिरणीवाल्या काकांनी मूठभर हातावर घेतलं, फुंकर मारली, काही उडालं नाही, आणि डबा माझ्याकडे परत सरकवला. "वहिनी, हे दळणाचं नाही. कालच दगडाला टाकी मारून घेतलीय मी."

तर प्रश्न असे. मला फसवलं का? दुसरा, हा गहू एवढा जुना आणि एवढा गुणाचा असेल तर आपल्या आज्यापणज्यांनी सोडला कशाला? माझा भाऊ म्हणतो हरितक्रांतीने मारला, परदेशी कंपन्यांचा डाव होता. सासूबाई म्हणतात, "रोज गहू कोण खात होतं गं? आम्ही भाकरीवर वाढलो." आणि जाता जाता: आपण रोज खातो तो 'लोकवन', हे वन नक्की कुठलं?

रापण (मालवण)

आमच्याकडे गहू म्हणजे घाटावरचा पाहुणा. ओटीतसुद्धा आम्ही तांदूळच घालतो, देशावरच्या बायका गहू घालतात ते लग्न झाल्यावर कळलं. पण साल काढायचं असेल तर भाताच्या गिरणीत घालून बघा की. साल ते साल.

कृष्णाकाठ (शिरोळ)

रापणदादा, भाताच्या गिरणीत नको. आमच्या गल्लीतल्या एकानं घातला होता, निम्म्याची कणी झाली. खपलीचं साल फार चिवट.

ताई, तुम्हाला फसवलं नाही. त्या माणसानं चुकून बियाणं पाठवलंय. खपली सालासकटच पेरतात, सोललेला दाणा पेरला तर उगवण धड होत नाही. आधी एक करा. मूठभर घेऊन पांढऱ्या कापडावर चोळा. गुलाबी, हिरवी, कसलीही भुकटी लागली तर बीजप्रक्रिया केलेलं आहे, ते तोंडात घालायचं नाही आणि गुरांपुढंही टाकायचं नाही. काही लागलं नाही तर पुढचं वाचा.

मी नदीकाठचा. कोल्हापूरच्या शेतकी कॉलेजात शिकलो, नोकरीच्या वाटेला गेलो नाही. रान सगळं उसाखाली आहे, पण मळीच्या पट्ट्यात दहा गुंठे खपली दरसाल असते. घरच्या खिरीपुरती आणि लेकींच्या डब्यापुरती.

आता एक सालपट घ्या आणि नखानं फोडा. फुटायला वेळ लागेल. आत दोन दाणे दिसतील, पोटाला पोट लावून झोपलेले. म्हणून आमच्याकडची जुनी माणसं ह्याला जोड गहूसुद्धा म्हणायची. लोकवनची वाळलेली ओंबी तळहातावर चोळली की दाणे मोकळे, एक फुंकर मारली की कुसं गेली. खपलीची ओंबी चोळून बघा, तळहात सोलवटेल पण दाणा दिसणार नाही. खळ्यावर बैलांची पात फिरवली, आता मळणी यंत्रात घातली, तरी ओंबीचे नुसते तुकडे पडतात. दाणा आपला खपलीतच. जखमेवरची खपली जशी धरून बसते तशी. नाव तिथूनच पडलं असणार.

तुमच्या दुसऱ्या प्रश्नाचं उत्तर त्या सालपटातच आहे. ते काढायचं कुणी?

माझी आजी काढायची. सणाच्या आधी दोन दिवस सोप्यातल्या उखळापाशी बैठक. चिपट्यानं मापून खपली घ्यायची, पाण्याचा हबका मारायचा, वर ओलं फडकं टाकून ठेवायची. साल जरा सैल झालं की उखळात. आजी आणि चुलती समोरासमोर, एकीचं मुसळ वर, एकीचं खाली, आणि हात चुकला तर बोट गेलंच. कांडून झालं की सुपात घेऊन पाखडायचं, कोंडा पुढं उडवायचा, मग सूप तिरकं धरून घोळायचं. घोळताना सोललेला दाणा एकीकडं जातो, न सुटलेली खपली दुसरीकडं. ती परत उखळात. असे तीन-चार फेरे. एका पायलीला दोघींची सकाळ जायची, आणि मग ते दळायला जातं होतंच. खीर पुरुषांच्या पंगतीला आधी जायची हे वेगळं सांगायला नको.

आई लग्न होऊन आली तेव्हा नवा सरबती रंगाचा, आपसूक सुटणारा गहू यायला लागला होता. ती म्हणायची, "हा गहू शहाणा आहे. सांगितलं की साल टाकतो." आमच्या घरात खपली सणापुरती उरली ती अशी. तुमच्या भावाला सांगा, कुठल्या कंपनीला आमच्या सोप्यापर्यंत यावं लागलं नाही. बायकांच्या खांद्यांनी निकाल दिला.

आणि हे आमच्याच घरात झालं असंही नाही. गव्हाची सगळी कथाच अशी आहे बघा. रानटी गहू अजून तुर्कस्तान, सीरिया, इस्रायलच्या डोंगरउतारांवर उगवतो. त्याची ओंबी पिकली की आपोआप तुटते आणि दाणे मातीत पडतात, रानातल्या गवताला तेच सोयीचं. माणूस कापायला जायचा तेव्हा पडलेले दाणे हाती लागायचे नाहीत. लागायचे ते एखाद्या खोडीच्या ताटाचे, ज्याची ओंबी तुटतच नाही. तेच घरी यायचे, तेच पुढच्या वर्षी पेरले जायचे. असं शेकडो वर्षं चाललं आणि सुमारे दहा हजार वर्षांपूर्वी त्या मुलखात दाणा धरून ठेवणारा गहू माणसाच्या पदरात पडला. आपली खपली ही त्याच घराण्यातली. म्हणजे पाकिटावर 'प्राचीन' लिहितात ते खोटं नाही. पण ह्या गव्हाला आता स्वतःहून उगवता येत नाही, माणसानं पेरलं तरच. आणि माणसाला त्याची साल काढत बसावं लागलं. दोघंही एकमेकांच्या दावणीला.

लोकवन-सरबतीचं घराणं वेगळं. खपलीच्या जातकुळीतल्या गव्हाचा एका रानगवताशी संकर झाला, कॅस्पियन समुद्राच्या दक्षिणेकडं, शेताच्या बांधावर, कुणी न करता. ते झालं आठ-नऊ हजार वर्षांपूर्वी. खपलीची गुणसूत्रं २८, ह्याची ४२. त्यामुळे "खपली देवानं दिलेली आणि पोळीचा गहू प्रयोगशाळेतला" असं जे फिरवतात त्यात अर्थ नाही. प्रयोगशाळेनं फार नंतर हात घातला, आणि तो उंचीला. जपानच्या नोरिन १० ह्या बुटक्या गव्हाचा गुण अमेरिकेतून मेक्सिकोत नॉर्मन बोरलॉग ह्या गहूशास्त्रज्ञाकडं गेला. उंच गव्हाला खत जास्त पडलं की तो लोळायचा, बुटका लोळत नाही. १९६६ साली आपल्या सरकारनं मेक्सिकोतून १८ हजार टन बियाणं आणलं. १९६५ आणि ६६, लागोपाठ दोन वर्षं पाऊस धड झाला नव्हता आणि अमेरिकेच्या बोटींकडं डोळे लावून बसायची पाळी होती. १९६८ ला एवढं पीक आलं की उत्तरेत शाळांच्या खोल्यांत गहू भरला, आणि टपाल खात्यानं 'गहू क्रांती'चं तिकीट काढलं.

अमेरिकेच्या गव्हाबरोबर गाजरगवत आलं असंही तुमचा भाऊ सांगेल. असेल. पण ते पुण्यात पहिल्यांदा दिसलं १९५५ च्या सुमाराला, आणि पी. एल. ४८०, म्हणजे अमेरिकेच्या धान्यमदतीच्या कायद्याखालचा आपला पहिला करार १९५६ चा. त्याच्या आधीही तिकडचा गहू येत होता म्हणा. मी कुणाची बाजू घेत नाही, तारखा सांगतो.

सासूबाई खऱ्या आहेत. गहू आमच्याकडंही बेंदराला, होळीला, पाहुण्याला. रोज जोंधळा. बहात्तरच्या दुष्काळात माझी आत्या आटपाडीकडं खडी फोडायला जायची, तिथली सुकडी फडक्यात बांधून आमच्यासाठी आणायची. आम्हाला पोरांना वाटायचं आत्याकडं रोज गोड असतं. रोज पोळी खायची सवय आम्हाला रेशननं आणि कॅनॉलनं लावली.

लोकवन. हे मला फार आवडतं. वनबिन काही नाही. गुजरातेत भावनगर जिल्ह्यात सणोसरा म्हणून गाव आहे, तिथं नानाभाई भट्टांनी काढलेली लोकभारती ही ग्रामविद्यापीठासारखी संस्था. तिथं झवेरभाई पटेलांनी हा वाण काढला, १९८० च्या आसपास. संस्थेच्या नावावरून लोक, नंबर एक. लोक-१. व्यापाऱ्यांनी इंग्रजी 'वन' वाचलं, आपण त्याचं अरण्य केलं. त्याच्या आईबापात सोनालिका आहे, म्हणजे मेक्सिकोचं रक्त आहेच. खेड्यातल्या एका संस्थेनं काढलेला गहू अर्ध्या महाराष्ट्राच्या पोळपाटावर आहे, आणि त्याचं नाव धड कुणाला येत नाही.

आता खपलीची एक गोष्ट सांगतो, ही पाकिटावर नसते. कॉलेजात रोगशास्त्राच्या तासाला सरांनी तांबेरा, म्हणजे गव्हावरचा बुरशीचा रोग, शिकवायला घेतला. तांबेऱ्याचे वंश ओळखायला जगभर बारा गहू पेरून बघायचे, ही अमेरिकेतल्या मिनेसोटाच्या स्टॅकमन ह्यांची पद्धत. कुठल्या गव्हावर कसे फोड येतात त्यावरून वंश ठरवायचा. सर फळ्यावर नावं लिहीत गेले. लिटल क्लब, मार्क्विस, रिलायन्स, कोटा... आम्ही कंटाळून उतरवत होतो. बारावं नाव लिहिलं 'खपली', इंग्रजी अक्षरांत. सगळा वर्ग हसला. मला वाटलं सरांनी गंमत केली. गंमत नव्हती. आपली खपली तिकडं गेली होती आणि नाव न बदलता यादीत बसली होती, कारण काळा तांबेरा तिच्यावर सहसा टिकत नाही. ऑस्ट्रेलियात वॉटरहाउस ह्यांनी तिचा तिथल्या गव्हाशी संकर केला आणि त्याचं नाव ठेवलं खॅपस्टीन. त्या नावात खपलीचा अर्धा भाग तिथंही आहे. ज्या गव्हाला माझी आई नावं ठेवायची, त्याचा गुण साता समुद्रापलीकडं उसना मागून नेला. आणि हे स्टॅकमन म्हणजे बोरलॉगचे गुरू.

आपल्याकडं ते काम महाबळेश्वरात चालतं. थंड, ओलं, तांबेऱ्याला माहेर. लोक तिथं स्ट्रॉबेरी खायला जातात, तिकडं संशोधन केंद्रात गव्हावर मुद्दाम रोग पाडून कोण टिकतो ते बघतात.

खपली परत वर आली ती साल काढायची यंत्रं निघाली म्हणून. आता मुसळ कुणाला उचलायला नको. माझ्या दहा गुंठ्यांत सालासकट तीन-साडेतीन क्विंटल निघतं, त्यातलं जवळपास पाव वजन सालात जातं. म्हणून ती महाग. उपचारासाठी खाणाऱ्यांना एक सांगतो, हिच्यात ग्लूटेन आहे. ज्यांना गव्हाचाच त्रास आहे त्यांनी 'खपली चालते' म्हणून खाऊ नये, आणि साखरवाल्यांनी मोजूनच खावी. पोळीला मी स्वतः निम्मा लोकवन मिसळतो, नुसत्या खपलीच्या पिठाला ताण कमी, लाटताना कड फाटते. आमच्या मंडळींना हे मान्य नाही, त्या म्हणतात कणीक कोमट पाण्यात भिजवून तासभर ठेवली की काही फाटत नाही.

पांढरीची_माती (पुणे)

कृष्णाकाठ, तुमच्या आजीचं उखळ वाचून राहवलं नाही.

सीरियात युफ्रेटिसकाठी अबू हुरेरा नावाचं टेकाड होतं, आता धरणाच्या पाण्याखाली आहे. अगदी सुरुवातीच्या शेतकऱ्यांची वस्ती. तिथले सांगाडे थेया मोलेसन ह्यांनी तपासले. पायाच्या अंगठ्याचे सांधे झिजलेले, गुडघ्यांवर दाबाच्या खुणा, कमरेचे मणके बिघडलेले, आणि हे मुख्यतः बायकांच्या हाडांत. कारण एकच जुळत होतं. जमिनीवर गुडघे टेकून, पायाची बोटं मागे मुडपून, दगडाच्या पाट्यावर तासन्‌तास पुढे-मागे दळण. गोल फिरणारं जातं फार नंतरचं. म्हणजे माणसाला गव्हाची शेती जमली त्याची पावती बायकांच्या अंगठ्यांवर लिहिलेली सापडली.

आपल्याकडचं उदाहरण हवं तर इनामगाव. शिरूर तालुका, घोडनदीचा काठ. १९६८ ते १९८३ डेक्कन कॉलेजने खणलं, सांकलिया, ढवळीकर, अन्सारी ह्या मंडळींनी. इसवी सनापूर्वी साधारण १६०० ते ७०० ही वस्ती. मुख्य पीक सातू, गहू होता पण मागे. गव्हाला हिवाळ्यात पाणी लागतं, आणि तिथे नदीचं पाणी फिरवणारा पाट मिळाला. पाच खोल्यांचं एक मोठं घर मिळालं, त्याच्या शेजारी धान्याचं कोठार. पाणी कुणाला किती आणि कोठाराची किल्ली कुणाकडे, हे प्रश्न तेव्हाच सुरू झालेले दिसतात. पुढे हवामान कोरडं झालं तशी ही शेती मागे पडली, चौकोनी घरं जाऊन लहान गोल झोपड्या आल्या, शेरडं-मेंढरं वाढली. एकदा त्या खड्ड्यात उतरून वरच्या थरापासून खालच्या थरापर्यंत बोट फिरवलं होतं, हातभर अंतर.

पोळपाटवाली (ठाणे)

सगळ्यांचे आभार. त्या शेतकऱ्याला फोन केला. ते बिचारे ओशाळले, पोती बदलली म्हणाले, सोललेला पाठवतायत. कापडावर चोळून बघितलं, रंग काही लागला नाही. घरचंच राखलेलं बी आहे, औषध लावलेलं नाही असंही ते म्हणाले.

मग काल हौस केली. उखळ कुठलं, पितळी खलबत्ता आहे. पाण्याचा हबका मारून अर्धा तास झाकून ठेवला आणि ओट्यावर कुटायला बसले. पाच मिनिटांत खालच्या मजल्यावरच्या काकू वर आल्या, भिंत फोडताय का विचारायला. मग खाली जमिनीवर सतरंजीची घडी, त्यावर खलबत्ता. पाऊण तासात एक वाटी दाणे, तेही सासूबाईंनी ताटात घोळून दिले म्हणून. सूप नाही घरात. उजवा खांदा आज वर होत नाही. भावाला खांद्याचं सांगितलं, तो म्हणाला मिक्सर होता ना.

आता ह्या एका वाटीचं काय करू? खीर होईल का चौघांना? किती शिट्ट्या?

कृष्णाकाठ (शिरोळ)

होईल की, खीर फुगते. वाटीभर दाणे रात्रभर भिजवा. सकाळी त्यात मूठभर तांदूळ आणि मूठभर हरभऱ्याची डाळ घाला, तिप्पट-चौपट पाणी, मंद आचेवर सहा-सात शिट्ट्या. दाणा बोटात चेपला गेला पाहिजे पण पीठ व्हायला नको. नंतर डावानं थोडं घोटा. मग गूळ, ओलं खोबरं, भाजलेली खसखस, सुंठ, वेलची, जायफळ. गूळ दाणा शिजल्यावरच, आधी घातला तर दाणा आखडतो आणि मग दिवसभर शिजवा, मऊ होत नाही.

दूध भांड्यात घालून उकळू नका, गुळानं फाटतं. वाढताना वाटीत वरून घ्यायचं, गार.

राहिलेलं बी फेकू नका. घटस्थापनेला लागतं. खांद्याला ओवा-मिठाची पुरचुंडी करून शेका, आजी तेच करायची.